पेटलेल्या पाण्याची हकीकत

अद्भुतरम्य कथांच्या सृष्टीत शिरलेल्या वाचकाला उडता घोडा, बोलणारा पोपट आणि कापले असता पुन्हा उगवणारी राक्षसाची मस्तके यांच्याबरोबर एक सरोवर हटकून भेटते. ते पर्वतांच्या कुशीत दडलेले असते, त्याच्या काठी मनुष्यवस्ती नसते, आणि रात्र पडली की दिव्यावाचून, चंद्रावाचून, आपल्याच अंतर्यामीच्या तेजाने ते निळेहिरवे उजळून निघते. या साऱ्या चमत्कारांत खोटेपणाचा अंश सर्वांत कमी कोठे असेल, तर तो या सरोवरात, असे माझे मत आहे. घोड्याला पंख फुटलेले कोणी पाहिले नाहीत. परंतु रात्री पाणी प्रकाशताना ज्यांनी प्रत्यक्ष पाहिले अशी माणसे आपल्या कोकणच्या किनाऱ्यावर गावोगाव सापडतील. कथाकाराची चूक एवढीच, की त्याने ते पाणी उचलून डोंगरात नेऊन ठेवले आणि त्याचे तेज अखंड ठरविले. प्रत्यक्ष सृष्टीत हे तेज कोठे आणि केव्हा प्रकट व्हावे यासंबंधी काही कायदे आहेत, आणि ते कायदे कथेहून अधिक नवलाचे आहेत.

पाथर्डीसारख्या तालुक्याच्या ठिकाणी बसून हा विषय मांडणे म्हणजे थोडे धाडसच होय. गर्भगिरीच्या डोंगररांगांत वृद्धेश्वर, मढी आणि मोहटा ही क्षेत्रे नांदतात आणि यात्रेच्या दिवसांत तेथे माणूस लोटतो. पण पाण्याच्या बाबतीत या मुलखाचा लौकिक निराळा आहे. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत पडलेल्या या भागातील शेतकरी पावसाळा ओसरला की आणेवारीच्या आकड्याकडे डोळे लावून बसतो, आणि दसरा-दिवाळीच्या सुमारास हजारो कुटुंबे बिऱ्हाडे पाठीवर घेऊन ऊसतोडीसाठी साखर कारखान्यांच्या फडांवर निघून जातात. १९७२ च्या दुष्काळापासून रोजगार हमीच्या कामांवर जे पाझर तलाव बांधले गेले, त्यांच्या तळाशी चैत्र-वैशाखात बहुधा भेगाळलेला गाळच पाहावयास मिळतो. अशा ठिकाणी प्रकाशणाऱ्या पाण्याची गोष्ट सांगू लागले असता, ‘प्रकाशाचे राहू द्या, आधी पाण्याचे बोला’ असे कोणी म्हटल्यास त्याला दोष देता येणार नाही. तथापि समुद्र येथून सरळ रेषेत अडीचशे किलोमीटरांच्या आसपास आहे, आणि आषाढात जे काही ढग येथवर पोहोचतात ते त्याच अरबी समुद्रावरून घाट ओलांडून आलेले असतात. तेव्हा त्या समुद्राच्या घरात काय चालले आहे याची विचारपूस करण्याचा अधिकार या तालुक्यालाही आहे.

आपल्या पूर्वजांना पाण्यातील अग्नीची कल्पना अपरिचित नव्हती. भृगुकुळातील और्व ऋषीचा क्रोध सारे त्रैलोक्य जाळील अशी वेळ आली तेव्हा पितरांच्या विनंतीवरून त्याने तो अग्नी समुद्रात सोडला आणि घोडीच्या मुखाचे रूप घेऊन तो तेथे पाणी पीत राहिला, ही वडवानलाची कथा महाभारताच्या आदिपर्वात येते. कालिदासानेही ‘कुमारसंभवा’च्या पहिल्या सर्गात हिमालयातील गुहांतून रात्री तेलावाचून दीपाचे काम करणाऱ्या ओषधींचा उल्लेख केला आहे. पावसाळ्यात भीमाशंकरच्या अरण्यात कुजक्या लाकडांवर वाढणारी बुरशी हिरवट प्रकाश देते हे ज्याला ठाऊक आहे, तो कालिदासाच्या त्या वर्णनास निव्वळ कविकल्पना म्हणण्यापूर्वी क्षणभर थांबेल. वडवानलाच्या मुळाशी कोणा नाविकाने पाहिलेली पेटती लाट असेल काय, हा तर्क मोहक आहे. परंतु त्याला पुरावा नाही, आणि पुराव्यावाचून पुराणातून विज्ञान काढून दाखविण्याच्या अलीकडच्या हौसेत भर घालण्याची माझी इच्छा नाही.

आता प्रत्यक्षाकडे वळू. हिवाळ्याच्या आरंभापासून पुढील काही महिन्यांत, अमावास्येच्या आसपासच्या काळोख्या रात्री, कोकणच्या एखाद्या वाळूच्या किनाऱ्यावर उभे राहिले असता कधी कधी असे दिसते की, दूरवर सारे पाणी काळे असून जेथे लाट फुटते तेवढ्याच रेषेवर निळसर प्रकाश धावत जातो; पाण्यातून चालत गेले तर पावलागणिक ठिणग्या उठतात; होडीचे वल्हे पडले की त्याच्याभोवती प्रकाशाचे वलय उमटते आणि तत्काळ विझते. २०२० च्या नोव्हेंबरात मुंबईच्या जुहू किनाऱ्यावर हा देखावा प्रकटला तेव्हा शहरवासीयांना तो अघटित वाटला व वर्तमानपत्रांनी त्याची मोठी चित्रे छापली. कोळ्यांना मात्र त्यात बातमी देण्याजोगे काही वाटले नसावे, कारण रात्री जाळे ओढताना दोरीवरून प्रकाश निथळणे हा त्यांच्या धंद्यातील जुना अनुभव आहे.

हे तेज पाण्याचे नव्हे, पाण्यात तरंगणाऱ्या जिवांचे असते. आपल्या किनाऱ्यावर हा खेळ बहुधा ज्याच्यामुळे घडतो त्या जिवाचे शास्त्रीय नाव नॉक्टिल्युका सिंटिलान्स असे आहे. त्याचे सारे शरीर म्हणजे एकच पेशी. पण ती पेशी इतकी थोर की तिचा व्यास अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास, क्वचित त्याहूनही पुष्कळ अधिक असतो, आणि पेल्यात घेतलेल्या पाण्यात ती नुसत्या डोळ्यांनाही ठिपक्याप्रमाणे दिसते. तिच्या आत एक मोठी पोकळी असून त्या पोकळीतील आम्लधर्मी, अमोनियायुक्त द्रव समुद्राच्या पाण्याहून हलका असल्यामुळे ती वर तरंगत राहते. सूर्यप्रकाशावर स्वतःचे अन्न शिजविण्याची शक्ती तिला नाही. ती इतर सूक्ष्म वनस्पतींना, अंड्यांना आणि मिळेल त्या कणांना गिळून जगते. वारा, प्रवाह आणि अन्न यांचा योग जुळला म्हणजे ती अशी दाटी करते की दिवसा समुद्रावर तांबडे किंवा हिरवे पट्टेच्या पट्टे दिसू लागतात. रात्रीचा निळा चमत्कार आणि दिवसाचे ते काहीसे किळसवाणे, शेवाळलेले पाणी ही एकाच वस्तूची दोन रूपे आहेत. लोक छायाचित्रे पहिल्याचीच काढतात.

पेशीतून प्रकाश निघतो तरी कसा, या प्रश्नाचा पाठपुरावा सुमारे साडेतीनशे वर्षे चालला आहे. सतराव्या शतकात रॉबर्ट बॉइल याने चमकणारे कुजके लाकूड काचेच्या भांड्यात ठेवून आतील हवा पंपाने उपसली, तेव्हा प्रकाश मावळला. हवा परत सोडताच तो पुन्हा प्रकटला. प्राणवायूचा शोध लागण्यास अजून शंभर वर्षे अवकाश होता, तरी हवेतील कशाची तरी या तेजाला गरज आहे हे त्यावरून सिद्ध झाले. पुढे १८८७ च्या सुमारास राफाएल द्युब्वा या फ्रेंच शास्त्रज्ञाने एका प्रकाशमान शिंपल्यावर जो प्रयोग केला, तो त्याच्या साधेपणामुळे मला नेहमीच देखणा वाटत आला आहे. त्याने शिंपल्याच्या मांसाचा अर्क थंड पाण्यात काढला. तो काही काळ प्रकाशला व विझला. दुसरा अर्क त्याने उकळत्या पाण्यात काढला. तो मुळीच प्रकाशला नाही. परंतु ते दोन निस्तेज अर्क एकत्र ओतताच प्रकाश परत आला. याचा अर्थ असा की, या व्यवहारात दोन पक्ष आहेत: एक जळणारे द्रव्य, जे थंड अर्कात खर्ची पडले होते, आणि दुसरे ते जाळणारे प्रेरक द्रव्य, जे उष्णतेने नष्ट झाले होते. एकाजवळ उरले ते दुसऱ्याजवळ नव्हते, म्हणून दोघे मिळून पुन्हा उजळले. त्याने त्यांना ल्युसिफेरिन आणि ल्युसिफेरेज अशी नावे दिली, आणि तीच आजतागायत चालू आहेत. या ज्वलनात उष्णता जवळजवळ निर्माणच होत नाही, म्हणून त्याला शीत प्रकाश म्हणतात.

दुसऱ्या महायुद्धात जपानी सैनिकांनी याचा मोठा चतुर उपयोग केला. त्यांच्या समुद्रात सापडणारा एक इवलासा कवचधारी जीव वाळवून त्याची पूड ते जवळ बाळगीत, आणि रात्री नकाशा वाचण्याची गरज पडली की चिमूटभर पूड तळहातावर घेऊन पाण्याने ओली करीत. शत्रूला दुरून दिसणार नाही इतका मंद पण वाचण्यास पुरेसा उजेड त्यातून मिळे. त्याच जिवातील द्रव्याचे स्फटिक १९५६ साली नागोया येथे ओसामु शिमोमुरा यांनी तयार केले, आणि या वाटेने पुढे जात जेलीफिशमधील हिरव्या प्रथिनापर्यंत पोहोचून २००८ च्या नोबेल पारितोषिकाचे ते मानकरी झाले.

नॉक्टिल्युकाचा प्रकाश धक्का बसल्यावाचून प्रकटत नाही. लाट फुटते किंवा मासा पाणी कापीत जातो तेव्हा पेशीचे आवरण किंचित दबते. त्या दाबाने पोकळीच्या आवरणावरून एक सूक्ष्म विद्युत्-लहर धावते. तिच्यामुळे आतल्या पोकळीतील आम्लता प्रकाशद्रव्य साठविलेल्या बारीक कणांत शिरते. आम्ल मिळताच प्रेरक द्रव्य जागे होते, प्राणवायूचा संयोग घडतो आणि सेकंदाच्या सुमारे दहाव्या भागापुरती निळी ठिणगी उमटते. प्रयोगशाळेत अशा जिवांच्या पाण्यात शिर्क्यातील आम्लाचे थेंब टाकतात, तेव्हा न हलविताही पेशी आपला सारा प्रकाश एकदम खर्चून मोकळ्या होतात, आणि त्यावरून त्यांच्याजवळ एकंदर शिल्लक किती होती याचा हिशेब करता येतो. प्रकाशाचा रंग निळा असण्यालाही कारण आहे. समुद्राचे पाणी तांबडा प्रकाश लवकर गिळून टाकते आणि निळा दूरवर जाऊ देते. ज्याला संदेश दूर पोहोचवावयाचा आहे त्याने निळी शाई वापरावी हे ओघानेच आले.

संदेश कोणाला, असा प्रश्न येथे उद्भवतो. १९४३ साली मार्टिन बर्केनरोड या अमेरिकन प्राणिशास्त्रज्ञाने सुचविलेली उपपत्ती पुष्कळांना पटली आहे, आणि ती आपल्या गावगाड्यातल्या माणसाला समजावून सांगण्यास सर्वांत सोपी आहे. रात्री गावात चोर शिरला असता जागल्या स्वतः त्याच्याशी कुस्ती करीत नाही, तो आरोळी ठोकतो. आरोळीने गाव जागे होते आणि चोराचे काय ते गाव पाहून घेते. पेशीला खावयास आलेला कोळंबीच्या कुळातील बारका जीव तिला स्पर्श करतो तोच ती चमकते. त्या प्रकाशात तो भक्षक उघडा पडतो आणि त्याच्याहून मोठा मासा त्याला टिपतो. भक्षक दचकून पळाला तरी पेशीचे काम साधतेच. ही तजवीज लक्षात घेतली म्हणजे लाटेतली रोषणाई निराळी भासू लागते: आपण ज्याला उत्सव समजून टाळ्या वाजवितो, ती लक्षावधी जिवांनी चुकून ठोकलेली आरोळी असते.

तर मग कथेतील अखंड, निश्चल, धक्क्यावाचून उजळलेले पाणी मिथ्याच म्हणावयाचे काय? तसेही नाही. अरबी समुद्र आणि त्याच्या दक्षिणेचा हिंदी महासागर ओलांडणाऱ्या जहाजांच्या रोजनिशांत शतकानुशतके अशा नोंदी सापडतात की, मध्यरात्री समुद्र क्षितिजापर्यंत दुधाप्रमाणे पांढरा झाला, लाटा जणू नाहीशा झाल्या, आणि जहाज बर्फाच्या पठारावरून किंवा ढगांवरून चालले आहे असे वाटले. किनाऱ्यावरच्या विद्वानांनी या नोंदी बहुधा खलाशांच्या थापांत जमा केल्या. १९९५ च्या जानेवारीच्या २५ तारखेस सोमालियाच्या किनाऱ्यापासून दूर ‘लिमा’ नावाच्या ब्रिटिश व्यापारी जहाजाने अशीच नोंद केली. आणि दहा वर्षांनी, २००५ साली, स्टीव्हन मिलर व त्यांच्या सहकाऱ्यांनी त्या रात्रीची उपग्रहाची जुनी चित्रे दफ्तरातून काढून तपासली, तेव्हा नेमक्या त्याच ठिकाणी सुमारे १५,४०० चौरस किलोमीटरांचा प्रकाशमान पट्टा सापडला. आपला नगर जिल्हा, म्हणजे आताचा अहिल्यानगर, क्षेत्रफळाने महाराष्ट्रात पहिला असून त्याचा विस्तार १७,०४८ चौरस किलोमीटर आहे. अकोल्यापासून जामखेडापर्यंतची सारी जमीन थोडी आखडून घेऊन रात्रभर पांढऱ्या तेजाने उजळून निघाली आहे अशी कल्पना वाचकाने करावी. २०१९ साली जावा बेटाच्या दक्षिणेस दिसलेला पट्टा तर एक लक्ष चौरस किलोमीटरांहून मोठा होता.

हे दुधाळ तेज नॉक्टिल्युकाचे नव्हे. ते जीवाणूंचे आहे, असे १९८५ साली सोकोत्रा बेटाजवळ अशाच एका पट्ट्यातून घेतलेल्या पाण्याच्या परीक्षेवरून मानले जाते. जीवाणूंना धक्क्याची अपेक्षा नसते, संख्येची असते. वुडलंड हेस्टिंग्ज आणि केनेथ नीलसन यांनी १९७० साली दाखवून दिले की, प्रकाशमान जीवाणू विरळ असताना अंधारात बसून राहतात. प्रत्येक जण एक द्रव्य सभोवती सोडीत असतो, आणि त्या द्रव्याचे प्रमाण विशिष्ट मर्यादेपलीकडे गेले, म्हणजेच आपली दाटी पुरेशी झाली असे कळले, की सारे एकदम उजळतात. एकट्याच्या प्रकाशाने काहीच साधणार नसेल तर तो खर्च करावयाचा नाही, हा त्यांचा हिशेबी स्वभाव.

कथाकाराची दुसरी चूक जागेविषयीची. गोड्या पाण्याचे सरोवर असे उजळत नाही. समुद्रात प्रकाश देणाऱ्या जिवांची कुळेच्या कुळे आहेत. गोड्या पाण्यात मात्र जवळजवळ काळोखच आहे, आणि अपवाद म्हणून नेहमी एकच उदाहरण देण्यात येते, ते न्यूझीलंडच्या ओढ्यांत दगडांना चिकटून राहणाऱ्या लाटिया नावाच्या गोगलगायीच्या जातीचे. असे का, यासंबंधी अनेक तर्क आहेत: नद्या व सरोवरे भूशास्त्रीय काळाच्या मानाने अल्पायुषी, त्यांचे पाणी गढूळ, त्यांची खोली बेताची, लक्षावधी वर्षे स्थिर राहिलेला, स्वच्छ आणि अथांग अंधार समुद्राजवळच आहे, व प्रकाशाची विद्या अंधारातच पिकते. लोणारचे सरोवर २०२० च्या जूनमध्ये गुलाबी झाले होते, पण त्यावरून ते रात्री चमकत असावे असे समजू नये. तो रंग खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्म जिवांच्या रंगद्रव्याचा, सूर्याच्या उजेडात दिसणारा होता.

मात्र आपल्याच जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला, अकोले तालुक्यात, गोड्या पाण्याच्या काठी प्रकाशाचा मेळा भरतो. प्रवरेवरील भंडारदऱ्याचे धरण १९२६ साली पुरे झाले. त्याच्या जलाशयाभोवती आणि पुरुषवाडीच्या शिवारात, मे अखेरीपासून पाऊस जोर धरीपर्यंत, हिरडा, बेहडा, जांभूळ अशा झाडांवर काजव्यांची अशी गर्दी होते की संबंध झाड एका लयीत पेटते आणि विझते. येथेही ल्युसिफेरिन आणि ल्युसिफेरेजच. पण पेशीतील शक्तीचे चलन जे एटीपी, ते खर्ची घातल्यावाचून काजवा प्रकाशत नाही, हे विल्यम मॅकेलरॉय यांनी १९४७ साली दाखविले. अलीकडे या मेळ्यास मोटारींचे दिवे घेऊन येणाऱ्या प्रेक्षकांची इतकी रीघ लागते की वनखात्याला निर्बंध घालावे लागतात. जोडीदार शोधण्यासाठी दिवा लावणाऱ्या किड्यापुढे मोटारीचा दिवा लावणे यासारखा अरसिकपणा नाही.

पुन्हा समुद्राकडे येऊ, कारण खरी चिंतेची बाब तेथे आहे. या शतकाच्या आरंभापासून उत्तर अरबी समुद्रात हिवाळ्यात नॉक्टिल्युकाची हिरवी जात अफाट प्रमाणात माजू लागली आहे. या जातीच्या पोकळीत हजारो सूक्ष्म हिरव्या वनस्पती भाडेकरूंप्रमाणे राहतात व सूर्यप्रकाशावर अन्न तयार करून घरमालकाला पोसतात. त्यामुळे शिकार मिळाली तरी ठीक, न मिळाली तरी ठीक, अशी तिची दुहेरी सोय झालेली असते. पूर्वी या ऋतूत तेथे डायाटम नावाच्या वनस्पतींचे राज्य असे. त्यांना बारीक जीव खात, त्या जिवांना मासे खात, आणि माशांना आपण. नॉक्टिल्युका खाणारे मासे थोडे. ती मुख्यतः साल्प नावाचे जीव आणि जेलीफिश यांच्या मुखी पडते, आणि जेलीफिशला बाजारात कोणी विचारीत नाही. गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत पूर्वी काम केलेले व पुढे अमेरिकेत गेलेले हेल्गा गोम्स आणि जोआकिम गोएस यांनी २०१४ साली असे प्रतिपादन केले की, या समुद्राच्या वरच्या थरात प्राणवायूचे दुर्भिक्ष वाढत आहे आणि त्या दुर्भिक्षात ही जात इतरांहून चांगली तगते. २०२० साली त्यांनी ही साखळी हिमालयापर्यंत नेली: तिबेटच्या पठारावरील बर्फ घटले, म्हणून हिवाळ्यात तेथून समुद्रावर येणारा वारा पूर्वीइतका थंड व कोरडा राहिला नाही, म्हणून समुद्राच्या पृष्ठभागाचे पाणी पुरेसे थंड होऊन खाली बसत नाही, म्हणून खालची पोषकद्रव्ये वर येत नाहीत, आणि म्हणून डायाटम उपाशी राहतात.

हे प्रतिपादन सर्वमान्य झालेले नाही. हैदराबादच्या भारतीय राष्ट्रीय महासागर माहिती सेवा केंद्रातील संशोधकांनी २०१८ साली प्रसिद्ध केलेल्या निरीक्षणांत, प्राणवायूचा तुटवडा नसलेल्या पाण्यातही हीच दाटी आढळल्याचे नमूद केले आहे. डायाटमांना कवचासाठी लागणारे सिलिकेट कमी पडले की नॉक्टिल्युकाचे फावते, असा त्यांचा रोख आहे. मला या वादात मध्यस्थी करण्याचा अधिकार नाही, पण दोन्ही बाजू एका मुद्द्यावर एकत्र येतात: डायाटमांची उपासमार. खालून येणाऱ्या शिधासामग्रीत कोठे तरी खंड पडला आहे, आणि निळी लाट ही त्या खंडाची जाहीर नोटीस आहे. किनाऱ्यालगत दिसणारी प्रत्येक चमक या मोठ्या उलथापालथीचाच भाग असते असे मात्र समजू नये. थोडीबहुत नॉक्टिल्युका आपल्या समुद्रात पूर्वापार आहे, व ती विषही निर्माण करीत नाही. दाटी फार झाली आणि ती मरून कुजू लागली, म्हणजे अमोनिया वाढून व प्राणवायू घटून मासे गुदमरतात.

घाटमाथ्यावरून कोणी हे तेज पाहावयास मुद्दाम कोकणात उतरणार असेल, तर त्याने पंचांग पाहून कृष्णपक्षाच्या अखेरीस निघावे, गावातील दिव्यांपासून दूरचा किनारा निवडावा आणि मोबाइलचा पडदा वीस-पंचवीस मिनिटे बंद ठेवावा, कारण डोळ्याला अंधार पूर्ण ओळखीचा होण्यास तेवढा अवधी लागतोच. छायाचित्रांतील गडद निळा रंग अपेक्षून जाणाऱ्याची थोडी निराशा होईल. कॅमेरा कित्येक सेकंदांचा प्रकाश एकत्र साठवितो, डोळा तसे करीत नाही, आणि मंद उजेडात मनुष्याला रंग फिकेच दिसतात. किनाऱ्यावरचे कोळी कालची दाटी कोठे होती ते सांगतात. पण वारा फिरला किंवा भरतीची ओढ बदलली की ती एका रात्रीत पुढच्या गावाच्या हद्दीत जाऊन पडते, तेव्हा मुक्काम एका रात्रीहून अधिक ठेवलेला बरा.